जिथं कुदळ चालते ते कोर्ट

धोंडिराम वकील गेले ही बातमी मला मोबाइलवर मिळाली, ‘शुभ सकाळ’च्या गुलाबाखाली आणि गुडघेदुखीच्या तेलाच्या जाहिरातीच्या वर. पुतण्यानं पाठवली होती. नावाआधी ‘अ‍ॅड.’, नावानंतर जोडलेल्या हातांची सात-आठ चित्रं. एवढे हात जोडण्यापेक्षा एक फोन केला असता तर... पण फोनवर काहीतरी बोलावं लागतं, चित्राला ती कटकट नाही. मी तेव्हा ओल्या शेंगा सोलत बसले होते. उरलेल्या सोलून संपवल्या, टरफलं भरली, मग मोबाइल पुन्हा उघडून बातमी पुन्हा वाचली. रडू आलं नाही. राग आला, आणि कुणाचा आला ते कळायला शोकसभेपर्यंत, म्हणजे तीन आठवडे, थांबावं लागलं.

शोकसभा पूर्णेत एका हॉलात झाली. एकानं त्यांना न्यायाचा दीपस्तंभ केलं. पूर्णेत समुद्र कुठला, हे त्याला कुणी विचारलं नाही. दुसऱ्यानं स्वतःच्या निवडणुकीबद्दल बारा मिनिटं सांगून शेवटी ‘असे होते आपले वकीलसाहेब’ म्हटलं. मग औरंगाबादेहून आलेले एक काळ्या कोटातले गृहस्थ उठले. (गावाचं नाव बदललं आहे हे मला ठाऊक आहे, पण मी हरले ती औरंगाबादेत.) ते म्हणाले, “साहेबांची बुद्धी हायकोर्टाची होती. दुर्दैवानं ते तालुक्याच्या कोर्टात अडकून पडले.” टाळ्या वाजल्या. शोकसभेत टाळ्या! वयामुळं मला पुढची खुर्ची मिळाली होती. मी तिथूनच ‘मूर्ख’ म्हणाले, आणि माझा आवाज जिल्हा परिषदेच्या शाळेत एकतीस वर्षं तापलेला असल्यानं तो मागच्या सतरंजीपर्यंत गेला. सुनेनं चिमटा काढला. तो शब्द अर्धाच त्या गृहस्थांसाठी होता. उरलेला अर्धा पंचेचाळीस वर्षांच्या एका मास्तरीणबाईसाठी होता, जिनं हेच वाक्य धोंडिरामांच्या तोंडावर फेकलं होतं. ती बाई मीच. तिची कीव करणारे लोक आहेत, माझी नात त्यातली, हे सगळं टाइप करून देताना ती मधेच म्हणते, “आजी, किती शिव्या देशील स्वतःला?” मी म्हणते, तू लिही. त्या बाईला तू भेटलेली नाहीस.

आमचं गाव पूर्णेपासून सात-आठ किलोमीटरवर. सासऱ्यांचं रान त्यांच्या हयातीतच दोन मुलांत वाटलं गेलं, थोरले म्हणजे माझे मालक आणि धाकटे शेषराव. कागद झाला नाही. गावातली चार माणसं जमली, या टोकापासून त्या टोकापर्यंत दोरी धरली, दगड रोवले, गूळ वाटला, झाली वाटणी. मी तेव्हा नवी सून होते आणि घरात पुरणाला चटका देत होते. आमच्या घरच्या बायका बांधावर पाऊल टाकत नाहीत, हे मी पुढं कित्येक वर्षं अभिमानानं सांगायची. जमिनीची मालकीण म्हणून मिरवायचं आणि ती कुठून सुरू होते ते सालगड्याला विचारायचं, असा तो अभिमान. सालगडी म्हणजे लिंबाजी. वाटणीच्या दिवशी दोरीचं एक टोक त्याच्याच हातात होतं.

मालकांनी त्यांच्या हिश्श्यात मोसंबीची साठ झाडं लावली आणि ती फळाला येता येता ते गेले. झाडं विहिरीवर जगत होती. विहीर रानाच्या मधोमध, तिच्या एका अंगाला आम्ही, दुसऱ्या अंगाला शेषराव. मालकांचं वर्षश्राद्ध होत नाही तोच शेषरावांनी फेरफार करून घेतला आणि सातबाऱ्यावर विहीर एकट्या त्यांच्या नावे लागली. तोंडी वाटणीत विहीर आपल्याकडं आली होती, असं त्यांचं म्हणणं. मी म्हटलं, छे, विहीर आमच्याकडं आली होती. कशावरून? मालक तिला ‘आपली विहीर’ म्हणायचे त्यावरून! दगड दाखवावा म्हटलं तर दगड कधीच ट्रॅक्टरखाली गेला होता, आणि तो कुणाच्या ट्रॅक्टरखाली गेला हे सांगायची गरज नाही. मी प्रांतांकडं अपील केलं, हरले. अपर जिल्हाधिकाऱ्यांकडं गेले, हरले. दुसऱ्या दिवशी शेषरावांनी माझ्या बागेकडं जाणारा पाइप उचकटून बांधावर टाकला. होळीला महिना होता. झाडांच्या हातात फार तर तेवढाच वेळ होता.

धोंडिराम वकील त्या आठवड्यात आपण होऊन घरी आले. मालकांची आणि त्यांची शाळेपासूनची दोस्ती. वडील रेल्वेत गँगमन होते, धोंडिराम पूर्णेच्या क्वार्टरमधल्या दिव्याखाली शिकले आणि तालुक्याच्या कोर्टात पत्र्याच्या शेडखाली टेबल टाकून बसले. मालक त्यांना घरात, पलंगावर बसवायचे. मालक गेल्यावर मी त्यांना ओसरीवर बसवलं. चहा काचेच्या पेल्यात दिला. घरात कपबशा होत्या, चांगल्या निळ्या फुलांच्या. तो पेला वेगळा ठेवलेला असे आणि कुणासाठी वेगळा ठेवलेला असे ते मला माहीत होतं आणि त्यांनाही. त्यांनी चहा प्यायला, उठून रांजणातलं पाणी घेतलं, पेला स्वतः विसळला आणि भिंतीशी पालथा घातला. मग शांतपणे परत येऊन बसले. शाळेत मी पोरांना समतेवर निबंध सांगायची. निबंध छान असायचे.

“बाई, सातबाऱ्यावरची नोंद म्हंजे मालकी न्हवं,” ते म्हणाले. “ती सारा कोनाकडून घ्यायचा त्याची नोंद. विहीर कोनाची हे ना तलाठी ठरवू शकत, ना कलेक्टर. त्याला दिवानी दावा लागतो. आज दावा टाकू, त्यातच मनाईचा अर्ज टाकू. शेषरावनं पाइप काढायचा न्हाई, म्हनून. होळीच्या आत पानी चालू व्हतंय का बघू. आन् लिंबाजी ऐंशीच्या घरात हाय, त्याची जबानी सगळ्यात आधी नोंदवून घेऊ.”

मी ऐकत नव्हते. माझं ध्यान शब्दात अडकलं होतं. तालुक्याचं कोर्ट, पत्र्याचं शेड, लिंबाजी... शाळेतल्या एका सहकारी बाईंच्या भाच्यानं मला आदल्याच आठवड्यात दुसरा शब्द दिला होता: रिट. काय शब्द होता तो! तोंडात धरला की माणूस दोन बोटं उंच होई. मी म्हटलं, “मी हायकोर्टात रिट टाकायचं ठरवलंय.”

“कशाला जायलाव औरंगाबादला?” ते म्हणाले. “रिट कशासाठी असती? सरकारनं तुमच्यावर अन्याय केला, तर. तुमची नोकरी काढली, पेन्शन अडवली, खुशाल जा, मी गाडीत बसवून देतो. दीर-भावजयीच्या विहिरीत सरकारचं काय हाय? तिथं जज्ज कागद बघून बोलनार. तोंडी वाटनी झाली तिचा कागद कुठाय? ती मानसांच्या डोक्यात हाय. हायकोर्टाला कुदळ मारता येत न्हाई, बाई. हितं येती.”

तेव्हा मी ते वाक्य उच्चारलं. “धोंडिराम, तुम्ही तालुक्यात अडकून पडलात म्हणून तुम्हाला सगळं तालुक्याएवढंच दिसतं.” माझ्यापेक्षा सहा वर्षांनी मोठ्या माणसाला. ते हसले. “बरं,” म्हणाले, “पन लिंबाजीला एकदा विचारून घ्या. विहिरीचं.” आणि चपला घालून गेले.

औरंगाबादचे वकील फार मोठे होते. मोठे होते हे त्यांच्या खुर्चीवरून कळायचं, ती फिरायची. काचेच्या दारावर त्यांचं नाव इंग्रजीत होतं आणि आत इतका गारवा होता की मला चैत्रात शाल आठवली. त्यांनी माझी फाइल जाडी पाहण्यापुरती हातात घेतली आणि म्हणाले, “वुई विल गो इन रिट.” मी भाळले. विहीर कुठं आहे, तिला मोटार कधी बसली, पाणी कुणी कधी घेतलं, एक प्रश्न नाही. मला ते मोठेपणाचं लक्षण वाटलं. क्षुल्लक गोष्टी विचारत नाहीत, म्हटलं. गावी आल्यावर मी शाळेच्या ऑफिसात सगळ्यांना ऐकू जाईल अशा बेतानं सांगितलं, “आमची रिट दाखल झाली.” पोरगी चांगल्या घरी पडावी तसं.

पहिल्या तारखेला मी नारायणपेठी नेसले. आरशासमोर उभी राहून भाषण पाठ केलं होतं, ‘न्यायमूर्ती महोदय, मी एक विधवा शिक्षिका’ इथपासून. पहाटेची गाडी पकडायला निघाले तर दारात लिंबाजी. धुतलेलं धोतर, डोक्याला नवं मुंडासं, हातात काठी.

“बाईसाब, मला बी घेऊन चला,” तो म्हणाला. “दोरी म्या धरली व्हती. सांगतो की सायबाला.”

“लिंबाजी, तिथं सगळं इंग्रजीत चालतं,” मी म्हटलं. “तुझं काय काम तिथं?”

“मंग विहिरीचं कोन सांगल?”

“कागद सांगतील.”

तो बाजूला झाला. मी ऐटीत रिक्षात बसले. त्या रिक्षातल्या बाईला आज हाताला धरून खाली उतरवता आलं असतं तर मी तिला तिथंच, त्या नारायणपेठीसकट, शेणात बसवलं असतं.

कोर्टात आमचा नंबर दुपारी लागला आणि पाण्याचा घोट गिळायच्या आत संपला. नोटीस निघाली. पुढची तारीख. भाषण माझ्याजवळच राहिलं. पुढच्या खेपेला तेच, त्यापुढच्या खेपेला तेच. मला सांगायचं होतं आणि मला कुणी विचारत नव्हतं. आणि त्यात कोर्टाची काडीची चूक नव्हती, हे समजायला मला पुढं धोंडिरामच लागले. ते दुकानच वेगळं. तिथं सरकारी हुकूम कायद्यात बसतो का एवढं बघतात. मी कापडाच्या दुकानात उभी राहून मिरच्या मागत होते, आणि दुकानदार सभ्य होता म्हणून चार वर्षं उभं राहू दिलं.

होय, चार वर्षं. शेषरावांनी प्रतिज्ञापत्र केलं की विहीर संपूर्ण त्यांची. मी प्रतिज्ञापत्र केलं की विहीर संपूर्ण माझी. दोन्ही इंग्रजीत, दोन्ही शपथेवर. पहिल्या उन्हाळ्यात मोसंबीची पानं वळली, फळं लिंबाएवढी होऊन गळली. दुसऱ्या उन्हाळ्यात झाडं शेंड्याकडून वाळत खाली आली. पावसानं थोडी हिरवी व्हायची, की पुन्हा उन्हाळा. मी तारखेला जाताना एसटीच्या त्याच बाजूला बसायची जिकडून बाग दिसत नसे. आणि दुसऱ्या दिवाळीनंतर लिंबाजी गेला. निजला तो उठलाच नाही. मी भेटायला गेले, लुगडं-चोळी घेऊन, त्याच्या बायकोला दिली, दोन शब्द बोलले. विहिरीचं त्याला विचारायचं राहिलं हे तेव्हाही माझ्या टाळक्यात आलं नाही. मला वाटलं, बिचारा गेला.

निकाल दीड पानाचा. फेरफाराच्या नोंदीनं मालकी ठरत नाही. वाटणी कशी झाली हा साक्षीपुराव्याचा वाद आहे. तो रिटमध्ये ठरवता येणार नाही. अर्जदारानं दिवाणी कोर्टात जावं. न्यायमूर्ती आमच्या मोठ्या वकिलांना मराठीत म्हणाले होते, “विहीर कुणाच्या बाजूला आहे ते मी इथं बसून कसं सांगू?” चार वर्षांत मला समजलेलं ते पहिलं वाक्य. आणि ते मी आधी ऐकलेलं होतं, फुकट, माझ्याच ओसरीवर. मोठ्या वकिलांना मी विचारलं, आता? ते म्हणाले, “तुमच्या तालुक्यात एखादा वकील बघा.”

मी पत्र्याच्या शेडखाली गेले तेव्हा धोंडिराम एका म्हातारीला ‘शेवगा कधी लावला, नात जन्मली त्याआधी का नंतर’ असं विचारत होते. मला त्यांनी अर्धा तास बसवलं. सूड म्हणून बसवलं असतं तर बरं वाटलं असतं, पण तसं नव्हतं; म्हातारीचं शेवग्याचं संपलं नव्हतं. मग माझ्याकडं वळले. मी निकालाचा कागद पुढं केला. त्यांनी वाचला, घडी घातली, म्हणाले, “बराबर लिवलंय. लिंबाजी गेला, व्हय?”

“हो.”

“विचारलंत त्याला?”

मी नाही म्हणून मान हलवली. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. मी त्यांना इतकं रागावलेलं त्याआधी पाहिलं नव्हतं, आणि त्यानंतरही नाही.

दावा त्यांनी लिहिला, मराठीत. मी वाचला आणि उखडले. त्यात विहिरीच्या अर्ध्याच पाण्याचा हक्क मागितला होता. “अर्धाच का?” मी म्हटलं. “हायकोर्टात मी पूर्ण मागितली होती.”

“जिमिनीखाली जेवढं सापडल तेवढंच मागायचं,” ते म्हणाले. “सही करायची तर करा, न्हाई तर परत औरंगाबाद गाठा.” मी सही केली. जीभ चावून.

कोर्टानं जागा पाहायला कमिशनर नेमला. एक तरुण वकील, पायात बूट, डोक्यावर रुमाल. धोंडिरामांनी बांधावर चपला काढल्या. मी जन्मात पहिल्यांदा माझ्या रानात उभी होते, पंचेचाळीसची ती पन्नाशीला आली होती. शेषराव चार माणसं घेऊन हजर होते. धोंडिरामांनी कमिशनरला सांगितलं, या भागात जुने लोक वाटणीचा दगड रोवताना खाली खड्ड्यात कोळसा पुरायचे. दगड कुणी हलवला, नांगरानं उपटला, तरी कोळसा खालीच राहतो. तो कुजत नाही आणि मातीतून कुणी वेचून काढू शकत नाही. तेव्हा खणून पाहावं. शेषरावांनी दाखवली ती जागा पहिली खणली. माती. मी दाखवली ती दुसरी. मी अर्थात अंदाजानं बोट केलं होतं, ऐटीत. माती.

“वैनी, आता काय समदं रान खांदून घेता का?” शेषराव हसले. “पेरनीला बरं पडल आमाला.”

धोंडिराम विहिरीकडं गेले, कडेला दोन पावलांवर उभे राहिले आणि म्हणाले, “हितं.” कुदळ मारली. हातभर गेल्यावर माती काळी झाली. मजुरानं ओंजळीत घेऊन वर दिली: बोटाएवढे, खडबडीत, काळे तुकडे. विहिरीच्या पलीकडच्या कडेला, समोरासमोर, दुसरा खड्डा घेतला. तिथंही कोळसा. दोरी विहिरीच्या तोंडावरून गेली होती. निम्मी विहीर या बाजूला, निम्मी त्या बाजूला. शेषरावांचं हसणं कुठं गेलं ते कळलं नाही. माझंही तोंड बघण्यासारखं नसणार. आम्ही दोघांनी शपथेवर, इंग्रजीत, हायकोर्टाला खोटं सांगितलं होतं. त्या दोन प्रतिज्ञापत्रांत मिळून गट नंबर तेवढा खरा होता.

“तुम्हाला हे ठाऊक होतं?” मी त्यांना विचारलं.

“लिंबाजीनं सांगितलं व्हतं. तुमच्या घरी आलो त्याच्या आदल्या दिवशी.”

“मग मला का नाही सांगितलं?”

“तुमाला विचारा म्हनलं व्हतं ना त्याला? त्याच्या तोंडून यायला पायजे व्हतं. तुमच्या पुढं, शेषरावच्या पुढं, कोर्टात. मी काय दोरी धरली न्हवती.” थांबून म्हणाले, “आन् खरं सांगू का बाई, मी सांगितलं असतं तर तुमी ऐकलं असतं व्हय? तुमाला आख्खी पायजे व्हती.”

तडजोड झाली. तीन दिवस त्यांचं पाणी, तीन दिवस माझं, आणि बाजाराच्या दिवशी विहिरीला सुट्टी. हुकूम हातात पडला त्या दिवशी मी माझ्या पाळीचं पाणी सोडलं. मोटार धडधडली, पाइपातून पाणी आलं, आळ्यांत गेलं. आळ्यांत साठ खुंट उभे होते. लिंबाजीच्या नातवानं विचारलं, “आजी, कशाला पानी द्यायलाव? चुलीत घालायच्या खुंटाला?” मी म्हटलं, गप. दिवसभर सोडलं पाणी.

त्यानंतर धोंडिराम वकील आणि मी जवळजवळ तीस वर्षं एकमेकांच्या घरी जात राहिलो. ते माझ्याकडं निळ्या फुलांच्या कपातून चहा प्यायचे. त्याबद्दल त्यांनी कधी काही म्हटलं नाही आणि मीही माफी मागितली नाही. मागायला हवी होती, पण मी माफी मागण्यात कच्ची आहे आणि ते ऐकून घेण्यात त्याहून कच्चे होते. रिटवर त्यांचा राग होता, असं कुणाला वाटू नये. त्यांच्या वस्तीचा नळ पंचायतीनं एका ठरावानं तोडला, तेव्हा ते आठवड्याच्या आत हायकोर्टात पोचले होते आणि नळ पंधरा दिवसांत चालू झाला. “तिथं साक्षीदार कशाला पायजे?” ते म्हणाले. “ठराव त्यांचाच, सही त्यांचीच. अन्याय कागदावरच बसलाय. तो कागद फाडायला तेच कोर्ट.” पण कुणी भिंतीसाठी, बांधासाठी, सासरच्या दागिन्यांसाठी ‘साहेब, रिट टाकू का’ म्हणत आला की ते माझ्याकडं बोट दाखवायचे. “या बाईंना विचारा. त्यांनी टाकली व्हती.” आणि मी सांगायची. सांगताना त्या पंचेचाळीसच्या बाईची इतकी नक्कल करायची, भाषणासकट, की पक्षकार हसून हसून बेजार व्हायचे आणि मुकाट दिवाणी दाव्यावर सही करायचे.

शोकसभा आटोपल्यावर मी त्यांच्या घरी गेले. कौसाबाईंनी, त्यांच्या पत्नीनं, मला आतल्या खोलीत नेलं. लोखंडी कपाट, पुस्तकं, खिडकीजवळ बाबासाहेबांची तसबीर, आणि खिळ्याला लटकलेलं मोठ्या चौकटींचं कॅलेंडर. रविवारच्या प्रत्येक चौकटीत पेन्सिलीनं बारीक अक्षरात काहीतरी. मी चष्मा सरसावला. ‘सरूबाई, सोनपेठ, ७९, डोळ्याचं ऑपरेशन झालं का?’ ‘मारोती आबा, पिंगळी, ८४, खोकला.’

“पाहुणे का हो तुमचे?” मी विचारलं.

“पाव्हने कशाचे, बाई. साक्षीदार हायत,” कौसाबाई म्हणाल्या. “म्हाताऱ्या साक्षीदारांकडं दर ऐतवारी जायचे. पढवायला न्हाई हं, नुसतं बसायचे, आयकायचे. कोन थकलंय दिसलं की दुसऱ्या दिवशी कोर्टात अर्ज, ह्याची जबानी आधी घ्या म्हनून. तुमचा तो लिंबाजी गेला ना, तवापासून लागली व्हती ती खोड.”

मी मारोती आबांची चौकट पुन्हा वाचली.

बाहेर येऊन त्यांच्या ज्युनियरला फोन केला. मारोती आबांचं काय? तो म्हणाला, “आजी, भिंतीचा दावा आहे तो. तारीख लागली की बघू.” चौऱ्याऐंशी वर्षांचा माणूस, खोकला, आणि हा तारीख लागली की बघणार. मी फोन ठेवताना जे म्हटलं ते नातीनं टाइप करायला नकार दिला आहे.

पुढच्या रविवारी मी पॅसेंजरनं पिंगळीला गेले. मारोती आबा दारासमोर बाजेवर होते, शाल पांघरून, हातात खोकल्याची बाटली. मी सांगितलं, वकीलसाहेब गेले. त्यांनी बाटलीचं बूच घट्ट लावलं. मग त्यांनी मला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. “तुमी कोन? वकील हाव का?”

“नाही. पण तुमचं जे आहे ते मला सांगा. मी ऐकते.”

“भिंतीचं सांगायचंय,” ते म्हणाले. “पन ते असं सुरू व्हत न्हाई. आधी आमच्या आज्याची म्हस...”

“भिंत कोणत्या साली बांधली ते आधी सांगा,” मी म्हटलं.

आबांनी बाटली खाली ठेवली.

“चूप बसा वो बाई,” ते म्हणाले. “वकीलसायेब मधी बोलत न्हवते.”

मी चूप बसले.